सरकारी वकिलाच्या टेबलापासून न्यायासनापर्यंत

१९८९ साली वॉशिंग्टनमधल्या एका बड्या वकिली फर्मच्या भागीदाराने चांगली चाललेली भागीदारी सोडली आणि सहायक सरकारी वकिलाची नोकरी धरली. त्यांचे नाव मेरिक गार्लंड. अमेरिकेत संघराज्याचा सरकारी वकील न्यायाधीश कसा होतो, हे त्यांच्या वाटचालीवरून नीट उलगडते.

अमेरिकेत न्यायालयांच्या दोन उतरंडी आहेत, राज्यांची वेगळी आणि संघराज्याची वेगळी. बहुतेक राज्यांत जिल्ह्याचा सरकारी वकील लोक मतदानाने निवडतात. संघराज्याचे तसे नाही. देशाचे ९४ न्यायिक जिल्हे आहेत. तिथल्या प्रमुख सरकारी वकिलाला राष्ट्राध्यक्ष सिनेटच्या संमतीने नेमतात, आणि त्याच्या हाताखालचे सहायक हे न्याय खात्याचे नोकर असतात. वॉशिंग्टन शहर कुठल्याच राज्यात मोडत नाही. त्यामुळे तिथे गल्लीतल्या खुनापासून सरकारी भ्रष्टाचारापर्यंत सगळे संघराज्याच्या सरकारी वकिलाच्या एकाच कार्यालयाकडे येते. नव्या वकिलाची शिकवणी अशा ठिकाणी पक्की होते.

गंभीर गुन्ह्याचा आरोप ठेवायचा तर प्रकरण सहसा ग्रँड ज्युरीपुढे न्यावे लागते. १६ ते २३ सामान्य नागरिक बंद खोलीत पुरावा ऐकतात आणि किमान १२ जणांना तो पटला तर आरोप निश्चित होतो. त्या खोलीत न्यायाधीश नसतो, आरोपीचा वकीलही नसतो. सरकारी वकिलाला आवरणारे असे तिथे फारसे कुणी नसते, त्याने स्वतःलाच आवरायचे असते. पुढे न्यायासनावर हीच सवय उपयोगी पडते.

गार्लंड यांच्या या सवयीची परीक्षा १९९५ मध्ये झाली. १९ एप्रिलला ओक्लाहोमा सिटीतली सरकारी इमारत बॉम्बने उडवली गेली. १६८ माणसे मेली, त्यांत १९ मुले होती. तोवर गार्लंड न्याय खात्याच्या मुख्यालयात वरिष्ठ पदावर पोचले होते. खात्याने त्यांना घटनास्थळी धाडले. देश संतापला होता, लोक आपण होऊन कागदपत्रे द्यायला तयार होते. तरी गार्लंड यांचा आग्रह एकच होता: रीतसर समन्स काढा, मगच पुरावा घ्या. प्रक्रियेतल्या एका चुकीवर बोट ठेवून आरोपी सुटू नये, हा त्यामागचा हिशेब.

आता न्यायाधीशपदाची पायरी. आपल्याकडे उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती कॉलेजियमच्या शिफारशीने येतात आणि ६२ व्या वर्षी निवृत्त होतात. अमेरिकेत नाव राष्ट्राध्यक्ष सुचवतात, सिनेटची न्यायविषयक समिती उमेदवाराची जाहीर सुनावणी घेते आणि शेवटी पूर्ण सिनेट मत देते. एकदा निवड झाली की वयाची अट नाही. महाभियोगाशिवाय हटवता येत नाही आणि पगारही कमी करता येत नाही.

ही वाट दिसते तितकी सरळ नाही. गार्लंड यांचे नाव वॉशिंग्टनच्या संघीय अपील न्यायालयासाठी १९९५ मध्येच पुढे आले. पण 'या न्यायालयाला आणखी न्यायाधीश हवाच कशाला?' असा वाद विरोधकांनी काढला आणि नाव रखडले. नव्याने शिफारस झाल्यावर १९ मार्च १९९७ रोजी ते ७६ विरुद्ध २३ मतांनी निवडून आले. तिथले काम निराळे: साक्षीदार नाहीत, ज्युरी नाही. बहुधा तीन न्यायाधीशांचे खंडपीठ खालच्या निकालाची आणि सरकारी संस्थांच्या निर्णयांची छाननी करते. २०१३ ते २०२० या काळात ते तिथे मुख्य न्यायाधीश होते.

मार्च २०१६ मध्ये राष्ट्राध्यक्ष ओबामांनी त्यांना सर्वोच्च न्यायालयासाठी सुचवले. निवडणुकीचे वर्ष आहे, असे सांगून सिनेटमधल्या रिपब्लिकन बहुमताने सुनावणीच घेतली नाही. २९३ दिवसांनी शिफारस आपोआप बाद झाली. त्यांच्या लायकीवर ना चर्चा झाली, ना मतदान.

मार्च २०२१ मध्ये ७० विरुद्ध ३० मतांनी ते अॅटर्नी जनरल, म्हणजे देशातल्या सगळ्या संघीय सरकारी वकिलांचे प्रमुख झाले. त्यासाठी त्यांना तहहयात मिळालेले न्यायाधीशपद सोडावे लागले. फिर्याद चालवणारा आणि न्याय करणारा, या दोन खुर्च्यांवर एकाच वेळी बसता येत नाही.