मांजराची जीभ आणि आपला ब्रश

सन २०१९ सालीं यवतमाळ जिल्ह्यांतील टिपेश्वर अभयारण्यांतून निघालेला एक तरुण वाघ तेराशे किलोमीटरांहून अधिक वाट तुडवून आपल्या जिल्ह्यांतील ज्ञानगंगा अभयारण्यांत येऊन पोंचला, हें आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांस ठाऊक असेल. एवढ्या प्रवासांत त्याचें अंग कोणीं विंचरलें? त्याचें त्यानेंच, आणि ज्या साधनानें विंचरलें, तेंच आपल्या चुलीपाशीं बसलेल्या त्याच्या मावशीजवळही आहे. तें साधन म्हणजे जीभ.

मांजराच्या जिभेवर नखांसारख्याच कठीण पदार्थाचे शेंकडों बारीक कांटे असतात. सन २०१८ सालीं अमेरिकेंतील जॉर्जिया येथील संशोधकांनीं मांजर, वाघ, सिंह इत्यादि सहा जातींच्या जिभा तपासल्या. त्या कांट्यांचीं टोकें पन्हळीसारखीं पोकळ असून त्यांत लाळ आपोआप चढते व केंसांच्या मुळांपर्यंत पोंचते, असें त्यांस आढळलें. ती लाळ वाळतांना अंग निवतें. तेव्हां मलकापूर-खामगांवच्या उन्हाळ्यांत मांजर वारंवार अंग चाटीत बसतें, तें कांहीं उगीच नव्हे.

मग आपण ब्रश कां फिरवावा? कारण हे कांटे घशाकडे वळलेले असतात. त्यांत अडकलेला केंस मांजरास थुंकतां येत नाहीं. तो गिळावाच लागतो. पुष्कळसे केंस विष्ठेवाटे निघून जातात. परंतु कधीं त्यांचा गोळा होऊन मांजर ओकतें, आणि क्वचित् आंतडेंही अडतें. शिवाय म्हाताऱ्या किंवा लठ्ठ मांजराची जीभ पाठीपर्यंत पोंचत नाहीं.

आखूड केंसांच्या मांजरास आठवड्यांतून एक वेळ पुरे. केंस फार गळत असतील तेव्हां दोनतीन वेळां. मऊ ब्रश घ्यावा, गाल व मानेपासून आरंभ करावा आणि केंसांच्या वळणानेंच शेंपटीकडे जावें. पोटास हात लावण्याची घाई करूं नये. शेंपटी आपटूं लागली कीं तेथेंच थांबावें. निघालेले काळे कण ओल्या पांढऱ्या फडक्यावर ठेवावे. भोंवतीं तांबूस डाग पसरला तर पिसवा आहेत असें समजावें. केंस झडलेला वाटोळा चट्टा दिसल्यास तें गजकर्ण असूं शकतें. तें मुलांसही जडतें. म्हणून मांजरास गुरांच्या दवाखान्यांत दाखवावें.

आतां सर्वांत महत्त्वाची गोष्ट. बैलांच्या गोचिडांवरचें किंवा कुत्र्याच्या पिसवांवरचें औषध मांजरास कदापि लावूं नये. अशा कित्येक औषधांत परमेथ्रिन किंवा त्याच्या जातीचें द्रव्य असतें. कुत्र्यास सोसणारें तें विष मांजराच्या यकृतास निकामी करतां येत नाहीं. अंगास झटके येऊन मांजर दगावतें. फिनेलनें पुसलेली ओली जमीनही त्यास वर्ज्य होय, कारण पाय भिजले कीं तें ते चाटणारच. बालमित्रांनो, मांजराच्या अंगावर जें घालाल तें त्याच्या पोटांत जाईल, हें ध्यानांत ठेवूनच हात उचला.