मे महिन्यातला पंप

कोकणातल्या आमच्या घरी अंगणातच जांभ्यात खोदलेली विहीर आहे. काठावर पंप आणि त्याला जोडलेली 24 लिटरची प्रेशर टाकी. नळ उघडला की पंप आपोआप सुरू होतो, बंद केला की थोड्या वेळाने थांबतो. हे काम पंपावरचा छोटा प्रेशर स्विच करतो. मीटरचा काटा 20 पौंडांवर उतरला की पंप चालू, 40 वर चढला की बंद. टायरची हवा मोजतात तेच हे पौंड.

गेल्या पावसाळ्यात माडीवरचा शॉवर ठिबकू लागला. शेजारच्या भाईंनी सुचवले, "स्विचमधला मोठा नट आवळा." आम्ही मेन स्विच बंद केला (आत उघड्या तारा असतात, हे विसरू नये) आणि नट आवळला. हा नट चालू आणि बंद होण्याचे दोन्ही आकडे एकदम वाढवतो. आमचे 30 आणि 50 झाले. शॉवर सुधारला. दादी मात्र म्हणाल्या, "मला वुजूला लोटाच बरा."

मे महिन्यात एके पहाटे फजरला उठलो तर पंप घुमतच होता. सगळे नळ बंद, मोटारीला हात लावण्याची सोय नाही आणि काटा 46 वर अडकलेला. कधीपासून चालू होता, अल्लाह जाणे. आम्ही धावत जाऊन मेन स्विच पाडला.

दुरुस्तीला आलेल्या चाचांनी आधी विहिरीत डोकावून पाहिले. पावसाळ्यात काठापासून दोन मीटरवर असलेले पाणी सहा मीटरवर गेले होते. पाणी दहा मीटर उचलायला साधारण 14 पौंड जोर लागतो, म्हणजे या चार मीटरने जवळजवळ 6 पौंड खाल्ले. भरल्या विहिरीतही आमचा पंप जेमतेम 52 गाठत होता. आता तो 50 ला पोचणार कसा, आणि पोचल्याशिवाय थांबणार कसा? तेच पाणी आत घुसळून तापत राहिले. आणखी दोन दिवस लक्ष गेले नसते तर मोटार जळालीच असती.

मग चाचांनी नळ उघडून टाकी रिकामी केली आणि टायरच्या गेजने तिची हवा मोजली. 18 भरली. ही हवा पंप चालू होण्याच्या आकड्यापेक्षा 2 पौंड कमी हवी. चालूचा आकडा 30 करताना आम्ही हवेला हातच लावला नव्हता, त्यामुळे दर खेपेला टाकीतून कमी पाणी मिळून पंप वरचेवर सुरू होत होता. चाचांनी आकडे पुन्हा 20 आणि 40 केले, तेव्हा हवा आपोआप जुळली.

आणि शॉवर? त्याची जाळी उघडली तर भोके लाल गाळाने बुजलेली. सुईने साफ करायला दहा मिनिटे लागली.

यंदापासून मे महिन्यात, विहीर सगळ्यात खाली असताना, आम्ही सगळे नळ बंद करून पंपाजवळ उभे राहतो. काटा 40 ला पोचून पंप थांबला की मगच घरात जातो.