उताऱ्यावरचे नाव आणि अधिकाऱ्याचे मौन

दक्षिण सोलापूर तालुक्यातील कुंभारी येथे विडी कामगारांची गोदूताई परुळेकर यांच्या नावाची दहा हजार घरांची वसाहत उभी राहिली. २००६ साली घरे ताब्यात आली. घर मिळवणे ही एक लढाई. मूळ धारकामागे वारसाचे नाव कागदावर चढवणे ही दुसरी. महार वतनाच्या जमिनींनी हेच शिकवले. १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ गाव-वतने गेली आणि जमिनी वतनदारांना पुन्हा देण्याची तरतूद झाली. तरी उताऱ्यावर आजोबाच राहिले, तर नातवाचे कर्ज, भरपाई, वाटणी सारेच अडते.

कायदा काय म्हणतो? महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४९ प्रमाणे वारसाने तीन महिन्यांत तलाठ्याला वर्दी द्यायची आणि तलाठ्याने ताबडतोब लेखी पोच द्यायची. ही पोच म्हणजे मेहेरबानी नव्हे, हक्क आहे. ती हाती नसेल तर पुढची सारी वाट बंद होते.

फेरफार नामंजूर झाला तर साठ दिवसांत प्रांताधिकाऱ्याकडे अपील करता येते. परंतु हुकूमच निघाला नाही, तर अपील कशावर करणार? नकारापेक्षा मौन अधिक घातक असते ते यामुळेच. या मौनावर संविधानाच्या अनुच्छेद २२६ चा उपाय आहे. आधी लेखी मागणी करावी, वाजवी मुदत द्यावी. तरीही हालचाल नसेल तर उच्च न्यायालयाकडे परमादेश मागावा. गावठाणातील घराचे दप्तर वेगळे असले, तरी हा उपाय तोच.

मात्र एक भ्रम नको. न्यायालय बहुधा एवढेच सांगते की, अमुक मुदतीत अर्जाचा निर्णय करा. तो हुकूम मोडल्यास अवमानाची कारवाई होऊ शकते. मालक कोण, हा वाद असेल तर दिवाणी दावाच लावावा लागतो; कारण फेरफाराने मालकी निर्माण होत नाही. नोंद खरी धरली जाते, पण विरुद्ध पुरावा येईपर्यंतच.

सोलापूरकरांना यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच बसते. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याप्रमाणे अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना आणि सर्व स्त्रियांना, उत्पन्न न पाहता, मोफत वकील मिळतो. कार्यकर्त्यांनी वस्तीत जाऊन आधी एकच प्रश्न विचारावा : अर्जाची पोच कुठे आहे?