तोतया : जुना आणि नवा

दुसऱ्याचें नांव व अधिकार धारण करून जगास फसविणाऱ्या मनुष्यास मराठींत तोतया म्हणतात. सामान्य चोर भांडें नेतो, तेव्हां भांड्याची जागा रिकामी दिसते व चोरी लागलीच उघड होते. तोतया नांव चोरितो. परंतु धन्याचें नांव धन्यापाशीं राहिलेलेंच असतें. म्हणून ही चोरी फार उशिरानें कळते, व तोंपर्यंत पुष्कळ अनर्थ झालेला असतो.

आपल्या इतिहासांतील प्रसिद्ध तोतया भाऊसाहेबांचा होय. ता. १४ जानेवारी १७६१ रोजीं पानिपतावर सदाशिवरावभाऊ पडले. परंतु ते जिवंत असतील अशी आशा अनेकांच्या मनांत राहिली. तिचा लाभ घेऊन सुखनिधान नांवाचा एक कनोजी ब्राह्मण 'मीच भाऊ' असें सांगूं लागला. थोरल्या माधवराव पेशव्यांच्या कारकीर्दींत तो लबाड ठरून कैदेंत पडला. तथापि १७७६ सालीं रत्नागिरीच्या अधिकाऱ्यानें त्यास मोकळें केलें, आणि पाहतां पाहतां कोंकणांतील कित्येक किल्ले व हजारों माणसें त्याच्या बाजूस गेलीं. शेवटीं महादजी शिंदे प्रभृति सरदारांनीं बंड मोडलें, व त्याच वर्षीं पुण्यास तोतयास देहान्त शासन झालें.

ओळखणारा समोर असला म्हणजे तोतयाचें फावत नाहीं. जेथें केवळ नांवावर विश्वास ठेवावा लागतो, तेथें त्याचें राज्य. आजचा व्यवहार बहुतांशीं असाच, एकमेकांस न पाहिलेल्या माणसांमध्यें चालतो. बँक आपला चेहरा पाहत नाहीं. क्रमांक, सही व मोबाईलवर आलेला ओटीपी पाहते. ता. २९ सप्टेंबर २०१० रोजीं नंदुरबार जिल्ह्यांतील टेंभली गांवीं पहिला आधार क्रमांक देण्यांत आला. आतां ते बारा अंक आपले जन्माचे सोबती झाले आहेत. ओटीपी म्हणजे काय? 'हा हुकूम खऱ्या धन्याचाच ना?' हा बँकेचा प्रश्न, व ते अंक म्हणजे त्याचें उत्तर. ते दुसऱ्यास सांगणें म्हणजे आपला शिक्का परक्याच्या हातीं देणें होय. मग कागद त्याचा, आणि देणें आपलें!

नवा तोतया दारीं येत नाहीं, फोन करितो. 'बँकेंतून बोलतों, आज केवायसी न केल्यास खातें बंद होईल,' असें सांगून तो घाई करितो. कारण विचारास वेळ मिळाला कीं त्याचें सोंग उतरतें. दुसरा एखादा, झेरॉक्सच्या दुकानांत राहून गेलेल्या प्रतीवरून परक्याच्या नांवें सिमकार्ड घेतो वा कर्ज काढितो.

यावर उपाय सोपे आहेत. ओटीपी व पिन कोणासही सांगूं नये. खरी बँक ते विचारीत नाहीं. शंका येतांच फोन ठेवावा, व पासबुकावरील क्रमांकावर आपण होऊन चौकशी करावी. आधारची प्रत देणें भाग पडल्यास, चालेल तेथें शेवटचे चारच अंक दाखविणारी द्यावी, आणि तिजवर कारण व तारीख लिहावी. बोटांच्या ठशांनीं पटणारी ओळख आधारच्या संकेतस्थळावरून कुलूपबंद करितां येते, हेंही पुष्कळांस ठाऊक नसतें.

इतकें करूनही फसगत झालीच, तर लाजून गप्प बसूं नये. तत्काळ बँकेस कळवावें व १९३० या क्रमांकावर तक्रार नोंदवावी. पैसा पुढें जाण्यापूर्वीं अडविला तर हातीं लागण्याचा संभव अधिक. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ६६-सी अन्वयें दुसऱ्याची इलेक्ट्रॉनिक सही, पासवर्ड वा ओळखीची खूण लबाडीनें वापरणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद व एक लाख रुपयांपर्यंत दंड होऊं शकतो.

विद्यार्थिमित्रहो, घरांतील वडील मंडळींचे संदेश पुष्कळदां तुम्हीच वाचून दाखवितां. घरचा शिक्का अशा रीतीनें तुमच्या स्वाधीन झाला आहे, तो जपा. आणि पालकांस आमची विनंती इतकीच कीं, मुलानें चूक कबूल केली तर प्रथम रागावूं नये. भीतीनें लपविलेला एक तास तोतयाच्याच कामीं येतो.