नादाचे लेखनिक

बोललेला शब्द लिहून ठेवण्याची विद्या आपल्या इतकी अंगवळणीं पडली आहे कीं, तिचें नवल कोणास वाटत नाहीं. गायिलेला स्वर लिहून ठेवणें ही मात्र निराळी कारागिरी होय. तंबोऱ्याच्या साथीनें उमटलेला नाद क्षणांत विरून जातो. तो कानानें टिपून अक्षरांत आणि खुणांत बसविणारा जो मनुष्य, त्यास स्वरलिपिकार म्हणतात. या कारागिरीची थोरवी आणि तिची मर्यादा या दोन्ही गोष्टी कोल्हापूरच्या परिसरांत जशा एकत्र पाहावयास मिळतात, तशा अन्यत्र क्वचितच मिळतील.

एके काळीं घराण्याची चीज गुरूच्या मुखांतून शिष्याच्या कानांत जात असे. कागदाचा तेथें संबंध नव्हता. गवई चीज सहजासहजीं देत नसत, आणि शिष्य न मिळतां एखादा उस्ताद निवर्तला, तर त्याच्याबरोबर त्याच्या चिजाही जात. हा नाश थांबविण्यासाठीं एकोणिसाव्या शतकांत बडोद्यास मौलाबक्ष यांनीं स्वरलेखनाची पद्धति प्रचारांत आणली. पुढें दोन महाराष्ट्रीयांनीं तें काम विस्तारलें.

त्यांपैकीं पंडित विष्णु दिगंबर पलुसकर यांचा जन्म १८७२ सालीं कुरुंदवाड येथें झाला. हें गांव आज कोल्हापूर जिल्ह्यांत आहे. लहानपणीं फटाक्याच्या दारूनें त्यांच्या डोळ्यांस इजा झाली व दृष्टि मंदावली. मिरजेस बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांपाशीं त्यांनीं गायनविद्या संपादन केली, आणि १९०१ सालीं लाहोरास गांधर्व महाविद्यालय स्थापिलें. दृष्टि अधू असलेल्या या पुरुषानें, कानाचा विषय डोळ्यांस दिसावा म्हणून, स्वतंत्र लिपि रचली आणि पाठ्यपुस्तकें छापण्यासाठीं स्वतःचा छापखानाही घातला. दुसरे पंडित विष्णु नारायण भातखंडे. १८६० सालीं मुंबईस जन्मलेल्या या वकिलानें देशभर हिंडून निरनिराळ्या घराण्यांच्या चिजा मिळविल्या, आणि क्रमिक पुस्तकमालिकेच्या सहा भागांत त्या प्रसिद्ध केल्या.

स्वरलिपिकाराचें काम कसें चालतें, हें पाहण्यासारखें आहे. प्रथम तो गवयाचा षड्ज ठरवितो. कारण सारे स्वर त्याच्यापासून मोजावयाचे. मग ताल ओळखून सम शोधतो. त्रिताल असल्यास सोळा मात्रांचीं सोळा घरें व त्यांचे चार विभाग आंखतो. चिजेचें कोणतें अक्षर समेवर पडतें, हें एकदां निश्चित झालें, कीं मागचें-पुढचें आपोआप जागेवर येतें. नंतर प्रत्येक मात्रेवरील स्वर लिहावयाचा, आणि त्याखालीं शब्दाचें अक्षर मांडावयाचें. अक्षर लांबलें तर अवग्रह घालावयाचा. गवई दर आवर्तनांत कांहींतरी बदलतो. त्यांतलें मूळचें कोणतें आणि त्या क्षणाचें कोणतें, हें निवडण्यांत लेखनिकाची खरी परीक्षा होते.

खुणा लहान असल्या तरी त्यांवर फार अवलंबून असतें. भातखंडे पद्धतींत कोमल स्वराखालीं आडवी रेघ, तीव्र मध्यमावर उभी रेघ, मंद्र सप्तकासाठीं खालीं बिंदु व तार सप्तकासाठीं वर बिंदु असतो. पलुसकर पद्धतींत मात्र डोक्यावरचा बिंदु मंद्राचा, आणि तार सप्तकासाठीं उभी रेघ! शिवाय तेथें प्रत्येक स्वराखालीं कालमानाचीही खूण असते. पद्धति न विचारतां वाचावयास बसलेला विद्यार्थी खालचा स्वर वर नेऊन ठेवील. खिळे जुळविणाऱ्याच्या हातून एखादा बिंदु गळला, तरी तीच गत व्हावयाची.

आतां मर्यादा पाहूं. भूप आणि देशकार या दोन्ही रागांत सा, रे, ग, प, ध हेच पांच स्वर आहेत. पण भूप गांधारावर विसावतो आणि रात्रीं गातात. देशकार धैवतावर विसावतो आणि सकाळीं गातात. केवळ अक्षरें पाहून हा भेद अनभिज्ञास कळणार नाहीं. दरबारीचा आंदोलित गांधारही एका ‘ग’ खालीं रेघ ओढून कागदावर कसा उतरावा? कोल्हापुरांत शाहू महाराजांच्या आश्रयास असलेल्या अल्लादिया खांसाहेबांची गायकी तर पेंचदार तानांसाठीं आणि लयीच्या गुंतागुंतीसाठीं विख्यात. तिचा सांगाडा लिहितां येतो. तिचा श्वास गुरुमुखांतूनच घ्यावा लागतो. १९४६ सालीं खांसाहेब निवर्तले, तरी ती गायकी टिकली, याचें श्रेय भूर्जी खां यांच्यासारखे पुत्र आणि केसरबाई केरकर, मोगूबाई कुर्डीकर यांच्यासारख्या शिष्या यांजकडे जातें.

याची उलट बाजूही महाराष्ट्रांतच आहे. तेराव्या शतकांत देवगिरीच्या यादवांच्या आश्रयानें शार्ङ्गदेवानें ‘संगीतरत्नाकर’ रचला. त्यांत गीतें स्वरांसह लिहिलेलीं आहेत. परंतु गाणाऱ्यांची परंपरा तुटल्यामुळें तीं तेव्हां नेमकीं कशीं ऐकूं येत, हें आज कोणी खात्रीनें गाऊन दाखवूं शकत नाहीं. म्हणजे लेखन ही शिकलेल्याची आठवण होय. शिक्षणाचा पर्याय तें नव्हे. मात्र ती आठवणही नसती, तर आज विद्यालयांतून शिकविल्या जाणाऱ्या कितीतरी चिजा लुप्त झाल्या असत्या.

आज खिशांतल्या यंत्रानेंही आवाज टिपतां येतो. पण यंत्र ऐकलेलें सारें सरसकट सांठवितें. सम कोठें, मूळ चाल कोणती, हें तें सांगत नाहीं. ती निवड कानानेंच करावी लागते. आपल्या घरोघरीं आजीच्या तोंडीं असलेल्या पाळण्यांच्या आणि जात्यावरील ओव्यांच्या चाली अद्याप बहुधा कोणी लिहिलेल्या नाहींत. घरांतील मुलगा वा मुलगी गाणें शिकत असेल, तर त्यांतली एक चाल आजीसमोर बसून स्वरांत मांडावी आणि लिहिलेलें तिला गाऊन दाखवावें. चुकलें तर ती लगेच सांगेल. तें सांगणारें माणूस घरांत आहे, तोंवरच हें काम होण्यासारखें आहे.