नजर कमी झाली अन् आजीला छपरीत माणसं दिसतात? बाहेरचं काही नाही, हे मेंदूचं काम!

नागपूर : मोतीबिंदू, काचबिंदू नाहीतर शुगरमुळं नजर अधू झालेली आजी एक दिवस म्हणते, "छपरीत रंगीत कपड्यांतली लेकरं बसली आहेत." पाहावं तर तिथं कोणीच नाही. मग कोणी म्हणतं बाहेरचं लागलं, कोणी म्हणतं डोकं फिरलं. बरेचदा यातलं काहीच खरं नसतं. डॉक्टर याला 'चार्ल्स बॉने सिंड्रोम' म्हणतात.

असं का होतं?

पाहतो आपण डोळ्यांनी, पण चित्र तयार होतं मेंदूत. प्रत्येकाच्या डोळ्यात एक आंधळा ठिपका असतो. तिथं काहीच दिसत नाही, तरी आपल्याला जाणवत नाही. आजूबाजूचं पाहून मेंदू ती जागा भरून काढतो.

नजर खूप कमी झाली की डोळ्यांकडून मेंदूला मिळणारी माहिती घटते. पण पाहण्याचं काम करणारा डोक्याच्या मागचा भाग रिकामा बसत नाही. तो स्वतःच नक्षी, फुलं, चेहरे, माणसं उभी करतो.

स्वित्झर्लंडच्या चार्ल्स बॉने यांनी १७६० मध्ये हे आपल्या आजोबांबद्दल लिहिलं. आजोबांची नजर मोतीबिंदूनं गेली होती. त्यांना माणसं, पक्षी, इमारती दिसायच्या, पण डोकं एकदम शाबूत होतं.

ओळखायचं कसं?

यात फक्त दिसतं, आवाज किंवा वास येत नाही. बाकी बोलणं-चालणं, हिशोब, आठवण ठीक असते. समजावून सांगितलं की हे खरं नाही, हे त्या माणसालाही पटतं.

काय करावं?

• दिवा लावा. डोळ्यांची उघडझाप करा, नजर डावी-उजवीकडे फिरवा. दृश्य बरेचदा निघून जातं.
• डोळे तपासून घ्या. ग्रामीण रुग्णालयात विचारा किंवा नागपूरला मेडिकल, मेयोच्या नेत्र विभागात जा. मोतीबिंदू असेल तर ऑपरेशननं नजर सुधारू शकते.
• आवाजही येत असतील, ताप असेल, बोलणं असंबद्ध झालं असेल किंवा नजर अचानक गेली असेल, तर त्याच दिवशी दवाखाना गाठा.
• मांत्रिकाकडे नेऊ नका. भूत उतरवायच्या नावाखाली मारहाण करणं हा २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं गुन्हा आहे.

लोक येडं म्हणतील या भीतीनं बरीच म्हातारी माणसं हे कोणाला सांगतच नाहीत. म्हणून आपणच जवळ बसून विचारा, "आजी, तुला असं काही दिसते का?" ऐकून हसू नका. "हे डोळ्यांमुळं होतं, तू येडी नाहीस," एवढं सांगितलं तरी तिचा अर्धा घोर जातो.