अलेक्झांडर किंग (दूरचित्रवाणीवरील पाहुणे)

अलेक्झांडर किंग (१३ नोव्हेंबर, १८९९: व्हिएन्ना, ऑस्ट्रिया-हंगेरी – १६ नोव्हेंबर, १९६५: न्यू यॉर्क, अमेरिका) हे अमेरिकन चित्रकार, संपादक आणि आत्मचरित्रकार होते. जॅक पार यांच्या रात्रीच्या गप्पांच्या कार्यक्रमातील पाहुणे म्हणून ते साठीच्या उंबरठ्यावर प्रसिद्धीस आले. गाणे, नकला, जादू यांपैकी काहीही न करता केवळ बोलण्याच्या बळावर मिळालेली ही प्रसिद्धी होती.

पूर्वायुष्य

त्यांचे मूळ आडनाव कोनिग. जर्मन भाषेत त्याचा अर्थ राजा, आणि किंग हे त्याचेच इंग्रजी रूप. किशोरवयात ते कुटुंबासह अमेरिकेत आले. युजीन ओनील यांच्या 'द एम्परर जोन्स' या नाटकाच्या १९२८ सालच्या आवृत्तीसाठी त्यांनी चित्रे काढली. १९३०च्या दशकात 'अमेरिकाना' या उपरोधिक नियतकालिकाचे संपादन करताना जर्मन व्यंगचित्रकार जॉर्ज ग्रोस हे त्यांचे सहकारी होते. पुढे ते 'लाइफ' साप्ताहिकाच्या संपादकवर्गात होते. मूत्रपिंडाच्या विकारावरील उपचारांत मॉर्फिन सुरू झाले आणि त्याचे व्यसन जडले. त्यासाठी त्यांना केंटकीतील लेक्सिंग्टन येथील केंद्र सरकारच्या रुग्णालयात राहावे लागले.

दूरचित्रवाणीवर

पार यांनी १९५७ मध्ये एनबीसी वाहिनीवरील 'टुनाइट' हाती घेतला, तेव्हा हा कार्यक्रम आठवड्यातून पाच रात्री, पावणेदोन तास चाले. गायक किंवा विनोदवीर आपला ठरलेला भाग सादर करून मोकळा होई. परंतु एवढा वेळ केवळ त्यावर निभणे कठीण होते. चांगला बोलणारा पाहुणा ही म्हणूनच या कार्यक्रमाची गरज होती. किंग आपले चार विवाह, कलाजगतातील ढोंग आणि स्वतःचे व्यसन यांविषयी मोकळेपणाने बोलत. व्यसनाबद्दल घरात कुजबुजही होत नसे, अशा काळात एक सुसंस्कृत, हजरजबाबी वृद्ध ते हसत हसत सांगत होता, ही बाब कमी महत्त्वाची नाही.

'माइन एनिमी ग्रोज ओल्डर' (१९५८) हे त्यांचे आत्मकथन या गप्पांमुळेच अमाप खपले. पार यांचे दुसरे नेहमीचे पाहुणे क्लिफ आर्केट यांनी 'चार्ली वीव्हर' या विनोदी पात्राच्या नावाने लिहिलेले पुस्तकही १९५९ मध्ये असेच गाजले. दूरचित्रवाणी पुस्तके विकू शकते, हे प्रकाशकांना अशा उदाहरणांतून दिसले. 'मे धिस हाउस बी सेफ फ्रॉम टायगर्स' (१९६०) आणि 'आय शुड हॅव किस्ड हर मोअर' (१९६१) ही किंग यांची पुढील पुस्तके. त्यांत प्रसंग बोलण्याच्या ओघात येतात, कालक्रम सांभाळलेला नसतो. चरित्रसाधन म्हणून ती वापरताना सावध राहणे इष्ट.

उपलब्ध सामग्री

त्या काळी ध्वनिचित्रफिती महाग असत आणि पुसून पुन्हा वापरल्या जात. पार यांच्या कार्यक्रमाचे बहुतांश भाग त्यामुळे आज उपलब्ध नाहीत. किंग यांचे बोलणे त्यांत गेले. पुस्तके आणि चित्रे मात्र जुन्या ग्रंथांच्या बाजारात अजूनही मिळतात.